व्हिडिओ-कलेतील अवघडलेला आत्मोपहास : बाल्डेसारी आणि बॅग

प्रस्तावना :
१९६०च्या दशकाच्या अखेरीस सोनी कंपनीचा 'पोर्टापॅक' हा एका व्यक्तीला हाताळता येणारा व्हिडिओ-संच अमेरिकेत उपलब्ध झाला. कलावंताला प्रेक्षकांवाचून स्वतःचे चित्रण करता येऊ लागले. या एकांतातून विनोदाचा एक निराळा प्रकार घडला. रंगमंचावर नटाने स्वतःची फजिती करून घेतली, तर प्रेक्षकांचे हसू त्याला सावरून घेते. व्हिडिओत हा आधार नसतो. फजितीनंतरची शांतता तशीच उरते आणि हसावे की नाही, हे पाहणाऱ्याला एकट्याने ठरवावे लागते.

बाल्डेसारी : अधिकाराची थट्टा
जॉन बाल्डेसारी (१९३१-२०२०) यांनी १९७० मध्ये आपली जुनी चित्रे जाळून टाकली. 'आय ॲम मेकिंग आर्ट' (१९७१) या सुमारे १९ मिनिटांच्या कृष्णधवल व्हिडिओत ते हात किंचित हलवतात, अंग जरासे वळवतात आणि प्रत्येक हालचालीबरोबर शीर्षकातील तेच विधान निर्विकारपणे उच्चारतात. कलावंत करील ती कला, या तत्कालीन धारणेचे हे शब्दशः पालन आहे. तीतील पोकळपणा या पालनातूनच उघड होतो. 'बाल्डेसारी सिंग्ज लेविट' (१९७२) मध्ये सोल लेविट यांची संकल्पनात्मक कलेविषयीची ३५ विधाने ते लोकप्रिय चालींवर गातात. गळा बेताचाच असल्याने सूत्रांचे गांभीर्य आणि गाणाऱ्याची प्रतिष्ठा दोन्ही डळमळतात.

तथापि, हा आत्मोपहास सुरक्षित आहे. बाल्डेसारी १९७० पासून कॅलिफोर्निया इन्स्टिट्यूट ऑफ द आर्ट्समध्ये अध्यापन करीत होते. ज्याचा अधिकार मान्य झालेला आहे, त्याने स्वतःला हास्यास्पद ठरविले तरी तो अधिकार ढळत नाही. उलट उमदेपणाची भर पडते.

बॅग : अधिकारहीनाचा विनोद
ॲलेक्स बॅग यांच्या 'अनटायटल्ड फॉल ९५' (१९९५) मध्ये हीच रीत वर्गातील बाकाच्या बाजूने येते. न्यूयॉर्कमधील कलाशाळेच्या एका विद्यार्थिनीची भूमिका त्या स्वतः करतात आणि आठ सत्रांतील तिचा प्रवास कॅमेऱ्यासमोरील निवेदनांतून मांडतात. आरंभीचा भाबडा उत्साह हळूहळू ओसरतो. शिकलेली परिभाषा वाढते, पण तिच्या आधारे काय म्हणायचे याचा संभ्रमही वाढतो. येथील हसू अस्वस्थ करते, कारण या मुलीपाशी गमावण्याजोगी प्रतिष्ठा अद्याप नाही. तिचे अडखळणे प्रेक्षकाला कलाशिक्षणाच्या भाषेकडे संशयाने पाहावयास लावते.

समारोप :
दोन्ही कलाकृतींत अवघडलेपण हे सादरीकरणातील उणीव नसून परीक्षणाचे साधन आहे. मात्र साधन एकच असले तरी त्याची किंमत सारखी नाही. स्वतःवर हसणे कोणाला परवडते, हा प्रश्न विचारल्याखेरीज या विनोदाचे मूल्यमापन अपुरे राहते. तो प्रश्न अध्यापनाच्या क्षेत्रालाही तितकाच लागू आहे.