अण्णाभाऊंचं गाव कोणतं?

निर्वासित म्हटलं की फाळणीच्या छावण्या डोळ्यांपुढं येतात. वाटेगावहून पोटासाठी पायी मुंबईला निघालेल्या मांगाच्या कुटुंबाला कुणी निर्वासित म्हटलं नाही. सरकारनं तिकडच्या मांगांना गुन्हेगार ठरवून हजेरी लावली होती, तेवढीच त्यांची नोंद. त्यातलाच पोरगा अण्णाभाऊ साठे.

दीड दिवस शाळेत गेलेल्या, गिरणीत राबलेल्या ह्या माणसानं १९४३ साली स्टालिनग्राडचा पोवाडा रचला. रशिया त्यानं पाहिला १९६१ साली. प्रस्थापित समीक्षक म्हणतात, हा पक्षाचा प्रचार. आहेच. मग राजेरजवाड्यांचे पोवाडे काय फुकट गायले जात होते? ज्याला मुंबईत हक्काची खोली नाही तो परमुलखातल्या शहरासाठी जीव तोडून गातो, कारण ते शहर कामगारांचं आहे अशी त्याची खात्री आहे.

पण पोवाड्याची एक सोय असते. शत्रू बाहेरून चाल करून येतो. आपला शत्रू वेशीच्या आत राहतो. त्याच्यावर पोवाडा कसा रचायचा?

'फकिरा' (१९५९) इथंच अडते. राणोजी मांग गावाच्या इभ्रतीसाठी दुसऱ्या गावची जोगणी आणायला जातो आणि त्यापायी मरतो. लढाई गावाची, मरण मांगाचं. अण्णाभाऊ हे अभिमानानं लिहितात, आणि वाचताना अंगावर काटा येतो हे खरं. पण मला रागही येतो. शंकरराव पाटील, विष्णुपंत कुलकर्णी इतके भले रंगवलेत की मांगवाडा गावाबाहेर कुणी ठेवला हा प्रश्न मागंच राहतो. असेलही एखादा पाटील भला! आणि पुस्तक अर्पण केलंय बाबासाहेबांच्या लेखणीला.

नाशिककरांना हे जास्त टोचलं पाहिजे. २ मार्च १९३० पासून काळारामाच्या दारात आपल्या माणसांनी दगड खाल्ले, लाठ्या खाल्ल्या. १३ ऑक्टोबर १९३५ ला येवल्यात बाबासाहेबांनी सांगून टाकलं, हिंदू म्हणून मरणार नाही. 'फकिरा' त्यानंतर चोवीस वर्षांनी आली, तरी राणोजी गावच्या जोगणीसाठीच मरतो.

'माझी मैना गावावर राहिली' मला जास्त खरी वाटते. संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यातली ही छक्कड. बेळगाव, कारवार, डांग (डांग तर आपल्या सुरगाण्याला खेटून) राज्याबाहेर राहिल्याचं दुःख तो बायकोच्या ताटातुटीतून सांगतो. त्याला चावडी आठवत नाही, पाटलाचा वाडा आठवत नाही. मागं राहिलेली एक बाई आठवते. काही दोस्त म्हणतात, बाबासाहेबांनी गाव सोडा सांगितलं, मग ही गावची गाणी आपल्या स्टेजवर कशाला? मी म्हणतो, गा. पोटासाठी शहरात आलेल्या माणसाची बायको काय गावची मालमत्ता आहे?

'फकिरा' मात्र अभ्यासवर्गात वाचा, आणि राणोजीच्या मरणापाशी पुस्तक मिटून पोरांना विचारा: त्यानं आणलेल्या जोगणीची जत्रा भरली, तेव्हा त्याच्या लेकरांना देवळाच्या कितव्या पायरीपर्यंत येऊ दिलं असतं?