शाईचा जीव

बनशंकरीच्या देवळात राहुकाळी लिंबाच्या सालीत तेलवात घालून दिवे लावण्याची चाल आहे. नोकरीच्या निमित्ताने बंगळूरच्या या भागात येऊन राहिलेल्या आम्हां मराठी मंडळींस, आणि त्यांतही ज्यांची कुलदेवता बदामीची बनशंकरी त्यांस, हे देऊळ कधी परके वाटत नाही. दिवे शांत झाल्यावर मागे उरते ती काजळी. आपल्या जुन्या पोथ्यांची शाई तरी दुसरी काय होती? दिव्याची काजळी आणि डिंकाचे पाणी, एवढाच तिचा संसार. हा विचार एका शुक्रवारी मनात येण्यास कारण झाले ते घरातील मुलीच्या हाती त्या वेळी असलेले पुस्तक. त्यात शाई जिवंत होती.

जे. के. रोलिंग यांच्या हॅरी पॉटर मालेतील दुसऱ्या कादंबरीत (१९९८) एक कोरी रोजनिशी आहे. तीत लिहिलेले अक्षर कागदात जिरते आणि क्षणभराने आतील अदृश्य पुरुष त्याच शाईत उत्तर लिहितो. एक एकाकी मुलगी आपले मन त्या पानांवर ओतत जाते. तो पुरुष बळावतो आणि मुलगी क्षीण होते. जर्मन लेखिका कोर्नेलिया फुंके यांच्या 'टिंटेनहेर्त्स' या कादंबरीत (२००३) शाई स्वतः काहीच करीत नाही; एक पुस्तकबांधणी करणारा गृहस्थ मोठ्याने वाचू लागला की पुस्तकातील पात्रे बाहेर येतात. परंतु त्या मोबदल्यात त्याची स्वतःची पत्नी पुस्तकात नाहीशी होते.

अद्भुतकथेला 'हे शक्य आहे काय?' असे विचारणे हा अरसिकपणा होय. तिला विचारावयाचा प्रश्न निराळा आहे: या चमत्काराचे मोल कोणी दिले? वरील दोन्ही कादंबऱ्या या कसोटीस उतरतात, म्हणूनच त्या मनात राहतात. ज्या कथेत शाई फुकट बोलते, फुकट उडते आणि नायकाच्या अडचणी फुकट सोडविते, ती कथा गारुड्याचा खेळ ठरते. टाळी मिळते, पण घरी नेण्याजोगे काही उरत नाही.

व्यवहारातील शाईसुद्धा सर्वस्वी निर्जीव नसते. माजूफळ व हिराकस यांपासून केलेली शाई लिहिताना फिकी असते आणि हवा लागल्यावर काळी होत जाते. ती इतकी टिकते, की प्रसंगी खालचा कागदच खाऊन टाकते. निवडणुकीच्या कामावर गेलेल्या आपल्यापैकी अनेकांनी मैसूरची शाई हाताळली असेल. नालवडी कृष्णराज वाडियार यांच्या कारकिर्दीत १९३७ साली सुरू झालेल्या तेथील कारखान्याची शाई १९६२ च्या सार्वत्रिक निवडणुकीपासून मतदारांच्या बोटास लागते. तीत सिल्व्हर नायट्रेट असते. ते कातडीवरील क्षारांशी संयोग पावते, उजेडात काळवंडते, आणि नख वाढेल तसे पुढे सरकत शेवटी कापून टाकलेल्या नखाबरोबर जाते. पहिली शाई आपल्या आधाराला खाते. दुसरी मनुष्याच्या वाढीबरोबर चालते. काजळीच्या शाईस यांपैकी कोणतेच सामर्थ्य नाही. ती कागद खात नाही, परंतु पाण्यापुढे तिचे काही चालत नाही.

ही गोष्ट ध्यानी घेतली म्हणजे देहूची कथा अधिक खोल जाते. इंद्रायणीत बुडविलेल्या तुकोबांच्या वह्या तेरा दिवसांनी कोरड्या वर आल्या, असे परंपरा सांगते. ज्या शाईला पाण्याचा एक शिंतोडा पुसू शकतो, तीच ती शाई. देवाने उदकात कागद राखले, असे तुकोबांचे अभंगच म्हणतात. परंतु त्या अभंगांचा सूर विजयाचा नाही, हे आपल्या कीर्तनकारांच्या उत्साहात पुष्कळदा विसरले जाते. वह्या मिळाल्याचा आनंद सांगण्याऐवजी तुकोबा अपराधाची कबुली देतात: मी देवाचा अंत पाहिला, माझ्यासाठी त्याला श्रमविले. चमत्कार घडल्यावर ज्याच्यासाठी तो घडला त्यानेच शरमावे, ही कल्पना वरील दोन्ही कादंबऱ्यांत नाही. तेथे मोल कथेतील पात्रे देतात. येथे कवी ते आपल्या मनावर घेतो. माझ्या मते जिवंत शाईची आपली कथा या ठिकाणी इतरांच्या पुढे जाते.

समर्थांचा मार्ग वेगळा, पण रोख तोच. दासबोधाच्या एकोणिसाव्या दशकातील पहिला समास लेखनक्रियेवर आहे. पहिल्या अक्षरापासून ग्रंथ संपेपर्यंत सारे एकाच टाकाने लिहिल्यासारखे दिसावे, असे ते सांगतात. आणि तरुणपणी फार बारीक लिहू नये, कारण ते म्हातारपणी उपयोगी पडत नाही, असेही बजावतात. येथे चमत्काराचे नाव नाही. पण लिहिणाऱ्याने उद्याच्या अधू डोळ्यांची काळजी आज वाहावी, ही अपेक्षा लहान नव्हे. शाईला जीव देण्याचा हा मानवी उपाय.

मुंबई सरकारने १९५० साली तुकोबांची गाथा प्रसिद्ध केली, तिची प्रस्तावना पु. मं. लाड यांची. ते सनदी नोकरीतले. फायलींच्या शाईत आयुष्य घालविलेले. आपल्यासारख्या बदलीच्या नोकरीतील लोकांस हे उदाहरण थोडे अवघड वाटावे असेच आहे. आपल्या सामानातून गाथा गावोगाव हिंडते, ट्रंकेतून कपाटात आणि कपाटातून पुन्हा ट्रंकेत जाते. तिला पाणी लागत नाही, आणि हातही लागत नाही.

आमच्या मुलीला शाळेतील हिंदीमुळे देवनागरी वाचता येते. त्या शुक्रवारी मी तिचे पुस्तक मागून घेतले आणि तिच्यापुढे गाथा ठेवली. अक्षरे तिने भराभर लावली. 'उदक' शब्दाशी मात्र ती अडली. मी अर्थ सांगितला, देहूची गोष्ट सांगितली, काजळीच्या शाईचीही सांगितली. ती थोडा वेळ गप्प राहिली आणि म्हणाली, "बाबा, पण मग ती शाई पुसली गेली असती, तर हे कोणाला पाठ होते?"

मी सांगितले, देहूतल्या पुष्कळांना पाठ असावे. तिचा पुढचा प्रश्न अर्थात असा होता, की आपल्या घरात कोणाला पाठ आहे. बायकोने माझ्याकडे पाहिले. मला चार अभंग आले. पाचव्याच्या दुसऱ्या चरणाशी मी अडखळलो, आणि पुस्तक पुन्हा उघडावे लागले.