ज्ञानकोशातील आत्मस्तुती आणि आपण

ज्ञानकोश कोणी लिहावयाचा, हा प्रश्न मराठीत फार काळ कोणी विचारलाच नाही. श्रीधर व्यंकटेश केतकरांनी १९२० च्या दशकात महाराष्ट्रीय ज्ञानकोशाचे खंड सिद्ध केले. तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी यांच्या नेतृत्वाखाली मराठी विश्वकोशाचा पहिला खंड १९७६ साली बाहेर आला. दोन्ही कामे प्रचंड होती आणि त्यांचे मोल कमी लेखण्याचे मला कारण नाही. परंतु लिहिणारा आणि ज्याच्याविषयी लिहिले जाते तो, यांचे सामाजिक नाते काय, ही विचारणा तेथे नव्हती. वरच्या जातीतला विद्वान जातीविषयी लिहितो तेव्हा तो तटस्थ, आणि अस्पृश्य समाजातला शिकलेला माणूस त्याच विषयावर लिहितो तेव्हा तो पक्षपाती, ही समजूत इतकी मुरलेली होती की तिला कोणी समजूतही म्हणत नसे. बाबासाहेबांनी ३१ जानेवारी १९२० च्या 'मूकनायका'च्या पहिल्याच अंकात मुंबई इलाख्यातील वृत्तपत्रांवर नेमके याच ठिकाणी बोट ठेवले होते: ही पत्रे सर्वांच्या नावाने बोलतात आणि विशिष्ट जातीचे हित पाहतात. छापील मजकुरामागचा हितसंबंध ओळखावयाचा असतो, ही शिकवण आपल्याला तेथून मिळालेली आहे. ती फक्त दुसऱ्यांसाठी राखून ठेवता येणार नाही.

२००१ च्या जानेवारीत इंग्रजीत सुरू झालेल्या आणि २००३ पासून मराठीतही चालू असलेल्या विकिपीडियाने ज्ञानकोशाचे दार उघडले. येथे लिहिण्यासाठी निमंत्रण लागत नाही, पदवी लागत नाही, आडनाव विचारले जात नाही. आपल्या तरुणांनी त्याचे स्वागत केले ते योग्यच केले. पण या उघड्या दारातून आपण आत काय नेले?

गेली काही वर्षे मी विद्यार्थ्यांबरोबर मराठी लेखक-कार्यकर्त्यांवरील नोंदी वाचतो आहे. त्यांत एक विशिष्ट प्रकारची नोंद पुन्हा पुन्हा भेटते. पहिल्याच ओळीत नायक 'सुप्रसिद्ध कवी, परखड समीक्षक, व्यासंगी विचारवंत, फर्डे वक्ते' असतो. मग शिक्षण, नोकरी, भूषविलेली पदे. मग सत्कार. सत्कारांची यादी इतकी लांब की शाल आणि श्रीफळ यांचाच तो कोश वाटावा. आधार म्हणून त्याच सत्काराची स्थानिक पत्रातील बातमी, किंवा त्याच लेखकाच्या पुस्तकाचे मलपृष्ठ. नोंदीवरचा 'इतिहास' उघडला की सगळा मजकूर एकाच सदस्याने दोन-तीन रात्रींत चढविलेला दिसतो. त्या सदस्याने आधी वा नंतर दुसऱ्या कोणत्याही विषयाला हात लावलेला नसतो. कधी कधी तर सदस्यनामात स्वतःचे जन्मसालही घालण्याइतका निरागसपणा असतो.

या नोंदीत कवितेविषयी एक वाक्य नसते, हे मला समीक्षक म्हणून सर्वांत अधिक खटकते. कवीने कोणता अनुभव कवितेत आणला, भाषेचे काय केले, आपल्याआधीच्या दलित कवींपेक्षा वेगळे काय म्हटले, यांतले काहीच वाचकाला कळत नाही. ते कळावे अशी लिहिणाऱ्याची इच्छाही नसते, कारण त्यासाठी स्वतःकडे दुसऱ्याच्या डोळ्यांनी पाहावे लागते. ज्या साहित्याने मखरात बसलेल्या मराठी लेखकाला नकार दिला, त्याच साहित्यातल्या माणसाने स्वतःसाठी नवे मखर उभारावे, हा विरोधाभास साधा नाही.

विकिपीडियाचा नियम या बाबतीत स्पष्ट आहे. स्वतःविषयी, घरच्यांविषयी, मित्राविषयी, मालकाविषयी, ज्या संस्थेकडून पैसा मिळतो तिच्याविषयी शक्यतो स्वतः लिहू नये. दुरुस्ती हवी असल्यास चर्चापानावर आपले नाते सांगून मागावी. मोबदला घेऊन लिहिणाऱ्याने तो कोणाकडून आणि कोणासाठी हे जाहीर केलेच पाहिजे, अशी अट २०१४ च्या जूनमध्ये घालण्यात आली. मोह मात्र कोणालाच चुकलेला नाही. विकिपीडियाचे संस्थापक जिमी वेल्स यांनी स्वतःवरील नोंदीत फेरफार केले आणि लॅरी सँगर हे सहसंस्थापक असल्याचे उल्लेख बदलले, ही गोष्ट २००५ च्या डिसेंबरमध्ये उघड झाली. तेव्हा आपण असे करावयास नको होते, हे त्यांनी मान्य केले. प्रत्येक बदल कोणत्या खात्यावरून झाला हे त्या व्यवस्थेत सर्वांना दिसते, म्हणूनच ते उघड होऊ शकले.

व्यक्तीचा अहंकार ही यातली लहान बाब आहे. भांडवल या दारातून शिरते तेव्हा काय होते, ते आपल्या शिक्षकांनी आणि विद्यार्थ्यांनी नीट समजून घेतले पाहिजे. इंडियन इन्स्टिट्यूट ऑफ प्लॅनिंग अँड मॅनेजमेंट ही संस्था पानपानभर जाहिराती देऊन विद्यार्थ्यांना बोलावीत असे. तिच्या दाव्यांवर वर्षानुवर्षे टीका होत होती. इंग्रजी विकिपीडियावरील तिच्या नोंदीत मात्र प्रतिकूल मजकूर टिकत नव्हता आणि अनुकूल मजकूर वाढत होता. हे करणाऱ्यांत 'वायफायवन' या टोपणनावाचे एक खाते होते, आणि २०१० साली ते प्रचालकपदापर्यंत पोचले होते. म्हणजे ज्याने पहारा करावयाचा त्याच्याच हेतूविषयी प्रश्न होता. २०१४ च्या सप्टेंबरमध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने या संस्थेला आपल्या अभ्यासक्रमांसंबंधी एम.बी.ए., बी.बी.ए., बिझनेस स्कूल असे शब्द वापरण्यास मनाई केली. २०१५ च्या फेब्रुवारीत विकिपीडियाच्या लवाद समितीने त्या खात्याचे अधिकार काढून घेतले आणि त्याला हद्दपार केले. खात्यामागचा माणूस पुढे आला नाही. पण मधल्या वर्षांत किती घरांतून कर्ज काढून फी भरली गेली असेल? ज्याच्या घरात आधी कोणी महाविद्यालय पाहिलेले नाही, त्याला सल्ला द्यायला डॉक्टर काका आणि प्राध्यापक मामा नसतात. तो ज्ञानकोशावर विश्वास ठेवतो. तेथली खोटी ओळ सर्वांत महाग पडते ती त्याला.

त्याच वर्षी उघडकीस आलेल्या दुसऱ्या प्रकरणात इंग्रजी विकिपीडियाने ३८१ खाती बंद केली आणि २१० नोंदी काढून टाकल्या. ही टोळी लहान व्यावसायिक आणि कलावंत हेरी. ज्यांचा मसुदा नाकारला गेला आहे त्यांना गाठून पैसे मागे, आणि नोंद झाल्यावर ती 'सुरक्षित' ठेवण्यासाठी पुन्हा मागे. आपल्याकडे पुरस्कारासाठी प्रवेशिकेबरोबर 'सहकार्य निधी' मागणारी मंडळे ज्यांनी पाहिली आहेत, त्यांना हा धंदा परका वाटू नये.

आता आपल्यातील मित्रांच्या आक्षेपाकडे वळतो. ते म्हणतात, हा नियमच प्रस्थापितांच्या सोयीचा आहे. आमच्यावर आम्ही नाही लिहायचे तर कोण लिहिणार? या आक्षेपात तथ्य आहे. नोंद टिकण्यासाठी स्वतंत्र आणि विश्वसनीय छापील आधार मागितला जातो. चळवळीचा इतिहास मात्र जलशांत, हस्तपत्रकांत, दोन अंकांनंतर बंद पडलेल्या अनियतकालिकांत आणि म्हाताऱ्या कार्यकर्त्यांच्या तोंडी आहे. मोठ्या वृत्तपत्रांनी ज्याची दखल घेतली नाही, तो 'उल्लेखनीय' नाही असे ठरते. म्हणजे कालच्या उपेक्षेचा दाखला आज अपात्रतेचा दाखला म्हणून पुढे येतो. हा अन्याय आहे आणि त्याविरुद्ध त्या व्यवस्थेच्या आत भांडले पाहिजे.

पण या अन्यायाचा आधार घेऊन दोन वेगळ्या गोष्टी एक केल्या जात आहेत. दलित असून दलितांवर लिहिणे हा हितसंबंध नव्हे. केवळ मते वा श्रद्धा म्हणजे हितसंबंधांचा संघर्ष नाही, हे त्या नियमातच मानलेले आहे. लेखकाचे त्या व्यक्तीशी वा संस्थेशी प्रत्यक्ष नाते काय, एवढेच तेथे पाहिले जाते. तेव्हा 'तुम्ही त्या समाजाचे, म्हणून तुम्ही लिहू नका' असे कोणी म्हणाले तर त्याला तोच नियम दाखवावा. त्याच न्यायाने पाहिले तर आपापल्या जातीला क्षत्रियत्व आणि राजवंश चिकटविणारे लेखन सवर्ण आणि मध्यम जातींनी इंग्रजी विकिपीडियावर इतके केले, की २०१२ साली दक्षिण आशियातील सामाजिक गटांच्या नोंदींसाठी तेथे वेगळे निर्बंध लागू करावे लागले. मी मातंग आहे म्हणून अण्णा भाऊ साठ्यांवर लिहू नये, असे कोणताही नियम सांगत नाही. मी माझ्याच काव्यसंग्रहावर लिहू नये, एवढेच तो सांगतो.

'समाजासाठी' हा शब्द स्वतःच्या नावापुढे ढाल म्हणून धरण्याला माझा विरोध आहे. आत्मस्तुतीच्या दहा नोंदी तपासून काढल्यावर अकरावी नोंद पाहणारा संशयाने पाहतो, आणि ती अकरावी नोंद एखाद्या मेलेल्या शाहिराची असते, ज्याला स्वतःची बाजू मांडता येत नाही. मराठीत पहारा करणारे थोडे आहेत, त्यामुळे आत्मस्तुती बराच काळ टिकते. पण टिकली म्हणजे पचली असे नव्हे.

खरी उणीव आधारांची आहे, आणि ते निर्माण करणे हे समीक्षेचे काम आहे. आपण एकमेकांच्या पुस्तकांवर प्रस्तावना लिहितो, परीक्षण लिहीत नाही. प्रस्तावना लेखकाच्या आग्रहावरून आलेली असते. तिला स्वतंत्र आधार कोण मानील? दोष दाखविणारे एक प्रामाणिक परीक्षण कवीला ज्ञानकोशात जितके पक्के नेऊन बसविते, तितके वीस गौरवलेख बसवीत नाहीत. उर्मिला पवार आणि मीनाक्षी मून यांनी आंबेडकरी चळवळीतील स्त्रियांना भेटून, त्यांचे शब्द उतरवून १९८९ साली 'आम्हीही इतिहास घडवला' हा ग्रंथ दिला. अशा एका ग्रंथावर कितीतरी नोंदी उभ्या राहू शकतात.

विद्यार्थ्यांना मी सध्या एवढेच काम देतो. ग्रंथालयातून ते पुस्तक काढा, त्यातली एक बाई निवडा, पृष्ठांक देऊन दहा वाक्ये लिहा, विशेषण एकही नको. आणि ती तुमची स्वतःची आजी असेल, तर नोंदीला हात लावू नका. चर्चापानावर 'ही माझी आजी आहे' असे लिहून मजकूर तेथे ठेवा आणि वर्गातल्या दुसऱ्या कोणाला तरी तो तपासायला सांगा.