‘ढ’ची कैफियत

आपल्याकडे पुस्तकांची परीक्षणे होतात, नाटकांची होतात, लग्नातल्या जेवणाची तर पंगतीतच होतात. पण रोजच्या वापरातल्या शिव्यांचे परीक्षण करायला एकही समीक्षक पुढे येत नाही. वास्तविक ही सोय वर्ध्यात आधीच व्हायला हवी होती. एकीकडे सेवाग्राम, दुसरीकडे पवनार; वाणीच्या संयमाचे एवढे शिक्षण आणखी कुठे मिळणार? आणि त्याच रस्त्यांवरच्या शाळांची मधली सुटी सुरू होते ती ‘काय बे भैताडा’पासून!

अर्थात ‘बे’ आणि ‘पोट्ट्या’ यांना मी शिव्यांत धरतच नाही. पुण्याच्या पाहुण्याला ‘काय बे’ म्हटले, की त्याचा चेहरा उतरतो. वर्ध्याच्या मित्राला ‘अहो’ म्हटले, की त्याचा उतरतो. ‘माहं काही चुकलं काय बे?’ असे तो काळजीने विचारतो. ‘भैताड’ही तसा गरीबच शब्द. ज्याला म्हणावे तो उलट म्हणतो आणि हिशेब जागच्या जागी मिटतो. माझ्या मते चांगल्या शिवीचा पहिला गुण हाच, की ती परत करता आली पाहिजे.

दुसरा गुण कल्पकतेचा. ‘आगाऊ’ घ्या. गाडीचे तिकीट आगाऊ काढणारा माणूस हुशार. पण गुरुजींच्या आधी उत्तर आगाऊ देऊन टाकणारा पोरगा नुसताच आगाऊ. ‘शिष्ट’ म्हणजे मुळात चांगले वळण लागलेला, शिकलेला. हा सज्जन शब्द एकदा मधल्या सुटीत पोरांच्या तावडीत सापडला आणि वर गेलेल्या नाकाला चिकटून बसला. ‘बदमाश’ तर अरबी-फारसीतून मजल दरमजल करीत आपल्याकडे आला. ‘बद’ म्हणजे वाईट, ‘मआश’ म्हणजे उपजीविका. वाईट मार्गाने पोट भरणारा तो बदमाश. आता तिसरीतल्या पोराचे पोट भरते ते शाळेच्या खिचडीवर. तरी त्याला बदमाश म्हणतात, यात खिचडीचाही अपमान आहेच.

पण आमच्या शाळांची खरी मानाची शिवी म्हणजे ‘ढ’. एका अक्षरात माणूस निकालात! भाषेतल्या काटकसरीचा हा कळस म्हणायला हरकत नाही. तिची जन्मकथा घरोघरी सांगतात ती अशी, की ब्राह्मीतून देवनागरीपर्यंत येताना बाकीच्या अक्षरांनी वळणे बदलली, ‘ढ’ मात्र अशोकाच्या लेखात होता तसाच राहिला. म्हणजे बावीसशे वर्षे एकाच वर्गात! कथा खरी असो-नसो, वळण मात्र खरेच तसे आहे. ‘ढ’च्या डोक्यावरची रेघ बोटाने झाका, की अशोकाच्या कारागिराने कोरलेले अक्षर जवळजवळ तसेच समोर येते. आता मला सांगा, जे पहिल्याच खेपेला बरोबर जमले, ते पुन्हा गिरवायचे कशाला? तरी नापासाचा शिक्का त्याच्याच कपाळी.

खुद्द अशोकाचे काय झाले, तेही पाहा. ‘देवानांप्रिय’ ही त्याची पदवी. पुढच्या काळातल्या व्याकरणकारांनी तिचा अर्थ ‘मूर्ख’ असा नोंदवून ठेवला. तो सगळ्या पंथांना ‘पासंड’ म्हणे, त्यात निंदेचा वासही नव्हता. त्याचे आपण ‘पाखंड’ केले. सम्राटाची ही गत, तर चौथीतल्या शेवटच्या बाकावरच्या पोराने दाद कोणाकडे मागायची?

अशोक निदान हयात तरी नव्हता. हयात असून ज्यांना शब्द परत करता आला नाही, त्यांची गोष्ट वेगळी. ‘भामटा’ आणि ‘बेरड’ ही जमातींची नावे. आपण पहिल्याचा अर्थ चोर केला आणि दुसऱ्याचा निगरगट्ट. इंग्रज सरकारने १८७१ साली कायदाच करून ठेवला, की अमुक जमातीत जन्मला तो गुन्हेगार. तो कायदा १९५२ साली गेला. शब्द मात्र आपल्या तोंडी राहिले. वर्धा जिल्ह्यात पारध्यांच्या बेड्यांवरून मुले शाळेत येतात. अशा वर्गात पेन्सिल हरवली आणि सगळ्या माना एकाच बाकाकडे वळल्या, तर शब्द न उच्चारता शिवी देऊन झालेली असते. आणि ही परत करता येत नाही. लक्ष्मण गायकवाडांनी ‘उचल्या’ ही शिवी आपल्या आत्मकथनाच्या मुखपृष्ठावर छापली आणि १९८८ साली साहित्य अकादमीचा पुरस्कार घेतला. परतफेड अशी असावी! पण प्रत्येक पोराने पुस्तक लिहून होईपर्यंत कळ काढावी, हे काही न्यायाचे नाही.

‘ढ’ची अडचणही तीच. गुरुजी तो शब्द मुलाला म्हणू शकतात, मुलगा गुरुजींना म्हणू शकत नाही. १९३७ च्या ऑक्टोबरात वर्ध्यालाच शिक्षण परिषद भरली आणि तिथून नई तालीम निघाली. हाताच्या उद्योगातून शिकायचे, असा तिचा बेत. पाढ्यांत अडखळणारा तकलीवर सरस निघाला आणि पाढे घडाघडा म्हणणाऱ्याचे सूत तुटले, म्हणजे ‘ढ’ म्हणायचे कोणाला? बहुधा ही पंचाईत टाळण्यासाठीच बहुतेक शाळांनी तकली ठेवून दिली असावी. पुढे २०१० मध्ये शिक्षणहक्काचा कायदा लागू झाला आणि काही वर्षे आठवीपर्यंत कोणी नापास होईना. ‘ढ’ मात्र त्याही वर्षी खालीच राहिला.

अशोकाने आपल्या बाराव्या शिलालेखात सर्व पंथांच्या साराची वाढ व्हावी असे म्हटले आहे, आणि त्या वाढीचे मूळ म्हणून सांगितले आहे, जिभेला आवर. गिरनारच्या खडकावर त्यासाठी ‘सारवढी’ असा शब्द कोरलेला आहे. त्यात ‘ढ’ आहे. आपल्या ‘वाढ’मध्येही तोच आहे, अगदी शेवटच्या बाकावर. त्याला वर्गाबाहेर काढा, की मागे नुसता ‘वा!’ उरतो. तो म्हणायचा कशाबद्दल, हे मग गुरुजींनी सांगावे.