पूर्वनियंत्रण आणि नंतरची शिक्षा : अभिव्यक्तिस्वातंत्र्याच्या तुलनेचा एक निकष
(इंग्लंड, अमेरिका व भारत येथील रंगभूमीच्या संदर्भात)

प्रास्ताविक

निरनिराळ्या देशांतील अभिव्यक्तिस्वातंत्र्याची तुलना करताना अभ्यासक बहुधा राज्यघटनेच्या शब्दांपासून आरंभ करतात. अमेरिकेच्या १७९१ च्या पहिल्या घटनादुरुस्तीत या स्वातंत्र्याला कोणताही अपवाद नोंदविलेला नाही. भारताच्या अनुच्छेद १९ (१) (अ) ने दिलेल्या स्वातंत्र्यावर अनुच्छेद १९ (२) ने वाजवी निर्बंधांची मुभा ठेवली आहे. ब्रिटनला तर एका ग्रंथात बांधलेली राज्यघटनाच नाही. या तीन वाक्यांवरून तीन देशांची उतरती श्रेणी लावणे सोपे असते. अलीकडे या जोडीला आंतरराष्ट्रीय निर्देशांक आले आहेत. ‘रिपोर्टर्स विदाउट बॉर्डर्स’ ही संस्था २००२ पासून वृत्तपत्रस्वातंत्र्याची क्रमवारी प्रसिद्ध करते. तीत १८० देशांमध्ये भारताचा क्रमांक २०२३ मध्ये १६१ वा आणि २०२५ मध्ये १५१ वा होता. अशा क्रमवारीचे महत्त्व नाकारण्याचे कारण नाही. परंतु लेखकाचा शब्द नेमका कोणत्या टप्प्यावर आणि कोणाच्या हातून अडविला जातो, हे तीवरून समजत नाही.

प्रस्तुत निबंधात तुलनेसाठी एक वेगळा निकष सुचविला आहे. शब्द लोकांपर्यंत पोहोचण्यापूर्वी थांबविता येतो, की पोहोचल्यानंतर त्याचा जाब विचारला जातो? आणि दोन्ही प्रसंगी आपली बाजू सिद्ध करण्याचे ओझे कोणावर असते? या निकषाची कसोटी पाहण्यासाठी रंगभूमीचे क्षेत्र निवडले आहे. मुद्रित शब्दाला मोकळीक आणि उच्चारित शब्दाला परवाना, असा भेद या क्षेत्रात अनेक देशांनी दीर्घकाळ पाळला आहे.

इंग्लंड : मुद्रण मुक्त, रंगमंच बंदिस्त

इंग्लंडमध्ये मुद्रणपूर्व परवान्याविरुद्ध जॉन मिल्टनने १६४४ मध्ये ‘ॲरिओपॅजिटिका’ लिहिली. तिचा तात्काळ परिणाम झाला नाही. मात्र १६९५ मध्ये मुद्रणपरवान्याचा कायदा मुदत संपून लयास गेला व त्याचे नूतनीकरण झाले नाही. पुढे ब्लॅकस्टनने आपल्या विधिभाष्यात वृत्तपत्रस्वातंत्र्याची जी व्याख्या केली, ती याच अनुभवावर उभी आहे. प्रकाशनापूर्वी अडथळा नसणे हे त्याच्या मते स्वातंत्र्य होय. प्रकाशनानंतर कायद्याने शिक्षा होणे हा त्या स्वातंत्र्याचा भंग नव्हे.

रंगभूमीला मात्र ही व्याख्या लागू झाली नाही. रॉबर्ट वॉलपोलच्या मंत्रिमंडळावर हेन्री फील्डिंगप्रभृतींनी रंगमंचावरून उपहासाची झोड उठविली, तेव्हा १७३७ मध्ये नाट्यपरवान्याचा कायदा झाला. प्रत्येक नवे नाटक प्रयोगापूर्वी लॉर्ड चेंबरलेन या राजघराण्याच्या अधिकाऱ्याकडे पाठविणे बंधनकारक झाले. १८४३ च्या कायद्याने ही व्यवस्था कायम ठेवली. शिष्टाचार, सभ्यता किंवा सार्वजनिक शांतता यांसाठी उचित वाटेल तेव्हा प्रयोग मना करण्याचा अधिकार या अधिकाऱ्याला होता. त्याच्या निर्णयाविरुद्ध अपील नव्हते. म्हणजे १६९५ ते १९६८ अशी २७३ वर्षे इंग्लंडमध्ये पुस्तकाला परवाना लागत नव्हता, आणि त्यांपैकी २३१ वर्षे नाटकाला तो लागत होता.

एका नाटकाच्या दोन कहाण्या

या भेदाचे सर्वांत बोलके उदाहरण म्हणजे जॉर्ज बर्नार्ड शॉ यांचे ‘मिसेस वॉरन्स प्रोफेशन’. वेश्याव्यवसायामागील आर्थिक कारणांची चर्चा करणारे हे नाटक १८९३ मध्ये लिहिले गेले. परवाना नाकारला गेला, तरी १८९८ मध्ये ते पुस्तकरूपाने उघडपणे प्रसिद्ध झाले. १९०२ मध्ये स्टेज सोसायटीने सभासदांपुरता त्याचा खाजगी प्रयोग केला. इंग्लंडमध्ये त्याचा सार्वजनिक प्रयोग झाला तो १९२५ मध्ये, लेखनानंतर ३२ वर्षांनी.

हेच नाटक १९०५ मध्ये न्यूयॉर्कमध्ये आले. तेथे प्रयोगापूर्वी संहिता तपासणारा राष्ट्रीय अधिकारी नव्हता. प्रयोग झाला, वृत्तपत्रांनी टीकेचा भडिमार केला आणि पोलिसांनी खटला भरला. नाटक एका प्रयोगानंतर बंद पडले. परंतु १९०६ मध्ये न्यायालयाने निर्मात्यांना निर्दोष ठरविले व प्रयोगाचा मार्ग मोकळा झाला.

वरवर पाहता न्यूयॉर्कचा अनुभव अधिक कठोर वाटतो, कारण तेथे अटक झाली आणि लंडनमध्ये कोणालाही अटक झाली नाही. तरीही स्वातंत्र्याच्या दृष्टीने न्यूयॉर्कची स्थिती अधिक चांगली होती, असेच म्हणावे लागेल. तेथे आरोप सिद्ध करण्याची जबाबदारी सरकारची होती, सुनावणी उघड होती आणि निर्णयाला कारणे द्यावी लागली. लंडनमध्ये निर्णय एका कार्यालयात झाला आणि नाटककाराला दाद मागण्यास जागा उरली नाही. शॉ यांच्याच ‘द शूइंग-अप ऑफ ब्लँको पॉझनेट’ या नाटकाला १९०९ मध्ये परवाना नाकारला गेला, तेव्हा ते डब्लिनच्या ॲबी थिएटरमध्ये सादर झाले. कारण लॉर्ड चेंबरलेनची सत्ता आयर्लंडमध्ये चालत नव्हती. एकाच राजाच्या छत्राखाली समुद्र ओलांडताच तोच संवाद निषिद्धाचा अनुज्ञेय होत होता. यावरून परवान्याचा संबंध नैतिकतेपेक्षा अधिकारक्षेत्राशीच अधिक होता, हे उघड होते.

इंग्लंडने ही व्यवस्था अखेरीस १९६८ च्या थिएटर्स ॲक्टने मोडीत काढली. एडवर्ड बाँड यांचे ‘सेव्ह्‌ड’ (१९६५) हे नाटक रॉयल कोर्टने केवळ सभासदांसाठी म्हणून सादर केले असताही फिर्याद झाली, त्यामुळे जुन्या कायद्याची विसंगती चव्हाट्यावर आली होती. नव्या कायद्याने अश्लीलतेचा गुन्हा शिल्लक ठेवला. परंतु त्यासाठी खटला भरण्यास ॲटर्नी जनरलची संमती आवश्यक केली आणि नाट्यकला, साहित्य वा ज्ञान यांच्या हिताचा बचाव मान्य केला. पूर्वनियंत्रण गेले, तरी कायद्याचे राज्य राहिले.

अमेरिकेत हाच विचार न्यायालयांनी विकसित केला. १९३१ च्या नियर विरुद्ध मिनेसोटा या खटल्यात वृत्तपत्रावरील पूर्वनियंत्रण अवैध ठरले. १९७५ मध्ये ‘हेअर’ या संगीतनाट्यासाठी चॅटनूगा येथील नगरपालिकेने नाट्यगृह नाकारले, त्या प्रकरणी सर्वोच्च न्यायालयाने त्वरित न्यायालयीन पुनर्विचाराची हमी नसलेला असा नकार हेही पूर्वनियंत्रणच होय, असा निर्णय दिला. नाट्यगृह न देणे हा बंदीचाच एक प्रकार असू शकतो, हे या निर्णयाचे मर्म आहे.

भारत : उसना कायदा आणि त्याचे दीर्घायुष्य

ब्रिटिशांनी भारतात आणलेल्या नाट्यनियंत्रणाचे मूळ नैतिक नसून राजकीय होते. प्रिन्स ऑफ वेल्सच्या भेटीच्या वेळी कलकत्त्यात झालेल्या एका प्रहसनाने सरकार संतप्त झाले आणि १८७६ मध्ये नाट्यप्रयोग अधिनियम संमत झाला. १८७८ चा देशी वृत्तपत्रांविषयीचा कुप्रसिद्ध कायदा लॉर्ड रिपनच्या कारकीर्दीत रद्द झाला; नाटकाचा कायदा मात्र राहिला.

महाराष्ट्राला त्याची झळ ‘कीचकवधा’च्या रूपाने लागली. कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर यांचे हे नाटक १९०७ मध्ये रंगभूमीवर आले. प्रेक्षकांनी कीचकात लॉर्ड कर्झन आणि द्रौपदीत पराधीन भारत पाहिला. १९१० मध्ये त्यावर बंदी आली. येथे एक तुलना उद्बोधक ठरेल. १९०८ मध्ये ‘केसरी’तील लेखांबद्दल लोकमान्य टिळकांवर राजद्रोहाचा खटला होऊन सहा वर्षांची शिक्षा झाली. व्यक्तीला झालेल्या त्रासाच्या मापाने टिळकांची शिक्षा कितीतरी भयंकर होती. म्हणून ‘नंतरची शिक्षा’ ही नेहमीच सौम्य असते, असे कोणीही म्हणू नये. तथापि टिळकांचा लेख वाचकांपर्यंत पोहोचला होता, न्यायालयातील त्यांचे भाषण देशभर वाचले गेले आणि खटलाच एक सार्वजनिक घटना बनला. बंदी घातलेल्या नाटकाला असे व्यासपीठ मिळत नाही. शिक्षेमुळे माणूस तुरुंगात जातो. पूर्वनियंत्रणामुळे प्रेक्षकाला आपण काय गमावले, हेही कळत नाही.

स्वातंत्र्यानंतर राज्यघटनेने चित्र बदलले, पण पूर्णतः नव्हे. १९५० च्या रोमेश थापर व ब्रिजभूषण खटल्यांत सर्वोच्च न्यायालयाने वृत्तपत्रांवरील निर्बंध रद्द केले. त्यानंतर १९५१ च्या पहिल्या घटनादुरुस्तीने सार्वजनिक सुव्यवस्थेसारखी कारणे अनुच्छेद १९ (२) मध्ये आली. अमेरिकेच्या पहिल्या दुरुस्तीने स्वातंत्र्य दिले आणि आपल्या पहिल्या दुरुस्तीने निर्बंध वाढविले, असे म्हटले जाते. ते खरे असले तरी ‘वाजवी’ हा शब्दही त्याच दुरुस्तीने या तरतुदीत आला आणि न्यायालयांना निर्बंधांची छाननी करता आली, हेही सांगितले पाहिजे. १९५६ मध्ये अलाहाबाद उच्च न्यायालयाने १८७६ च्या अधिनियमाला घटनाविरोधी ठरविले. तरीही केंद्राच्या विधिसंग्रहातून तो निघाला तो थेट २०१८ च्या आरंभी. दरम्यान २०१३ मध्ये मद्रास उच्च न्यायालयाने तमिळनाडूचा १९५४ चा नाट्यप्रयोग कायदा रद्दबातल केला होता.

महाराष्ट्राची स्थिती

महाराष्ट्रात नाट्यनियंत्रणाचा आधार वेगळा आहे. १९५१ च्या मुंबई पोलीस अधिनियमाखालील नियमांच्या आधारे रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळ संहितेची प्रयोगपूर्व तपासणी करते. विजय तेंडुलकरांच्या ‘सखाराम बाइंडर’ला १९७२ मध्ये या व्यवस्थेचा अनुभव आला. मंडळाने अनेक ठिकाणी काटछाट सुचविली, प्रयोग अडले, आणि दिग्दर्शक-निर्माते कमलाकर सारंग यांना मुंबई उच्च न्यायालयात जावे लागले. न्यायालयाने नाटकाच्या बाजूने कौल दिला. सारंगांनी ‘बाइंडरचे दिवस’ या पुस्तकात हा लढा नोंदविला आहे. न्यायालयात विजय मिळाला म्हणून व्यवस्था निर्दोष ठरत नाही. सारंगांची जिद्द आणि खर्च सोसण्याची तयारी सर्वांपाशी नसते. ज्यांनी संहितेतील वाक्ये मुकाट्याने वगळली, त्यांची नोंद कोणत्याही निकालपत्रात सापडत नाही.

२०१६ मध्ये अमोल पालेकर यांनी या पूर्वतपासणीलाच मुंबई उच्च न्यायालयात आव्हान दिले. त्यामुळे वादाचा विषय एखादे नाटक न राहता मूळ पद्धती हा झाला. पूर्वनियंत्रणाच्या समर्थनार्थ चित्रपटाचा दाखला नेहमी दिला जातो. १९७० च्या ख्वाजा अहमद अब्बास खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने चित्रपटांची पूर्वतपासणी वैध ठरविली, ती त्या माध्यमाच्या विशेष प्रभावाच्या आधारावर. हा युक्तिवाद रंगभूमीला जसाच्या तसा लावणे कठीण आहे. प्रत्येक प्रयोग वेगळा असतो, नट संवाद बदलतो, प्रेक्षक शे-पाचशे असतात. संहिता संमत करून प्रयोगावर ताबा ठेवता येतो, ही समजूतच मुळात फसवी आहे.

एक आक्षेप

या मांडणीवर एक गंभीर आक्षेप संभवतो. पूर्वनियंत्रण नसले तरी जमावाचे आणि संस्थांचे दडपण असतेच. मग कायदा रद्द करून काय साधणार? आक्षेपाला आधार आहे. ‘घाशीराम कोतवाल’ १९७२ च्या डिसेंबरात रंगभूमीवर आले आणि १९ प्रयोगांनंतर ते थांबविले, ते शासनाने नव्हे तर निर्मिती करणाऱ्या संस्थेनेच. त्यातील कलावंतांना १९७३ मध्ये थिएटर ॲकॅडमी स्थापन करून ते पुन्हा उभे करावे लागले. पूर्वनियंत्रणमुक्त ब्रिटनमध्येही २००४ मध्ये बर्मिंगहॅम येथे ‘बेझ्ती’ या नाटकाचे प्रयोग निदर्शनांनंतर बंद झाले.

परंतु या उदाहरणांवरून परवान्याची आवश्यकता सिद्ध होत नाही. संमत झालेल्या नाटकाविरुद्धही निदर्शने होतात. म्हणजे प्रमाणपत्र संरक्षण देत नाही. उलट, शासनाच्या हाती प्रयोगपूर्व अधिकार असला की जमावाला दाद मागण्यासाठी एक सोयीचे दार मिळते. ‘मी नथुराम गोडसे बोलतोय’ हे नाटक १९९८ मध्ये रंगभूमीवर आल्यावर विरोधाच्या लाटेत त्यावर बंदी आली आणि ती न्यायालयात टिकली नाही. त्या नाटकातील विचारांशी तीव्र मतभेद असणाऱ्यालाही हा प्रश्न टाळता येणार नाही. किंबहुना स्वातंत्र्याची परीक्षा अप्रिय नाटकाच्या वेळीच होते. १९८९ च्या रंगराजन खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने निदर्शनांच्या धमकीपुढे अभिव्यक्तिस्वातंत्र्य दडपता येणार नाही, असे स्पष्ट केले आहे. शासनाचे काम प्रेक्षागृहाचे रक्षण करणे हे आहे.

निष्कर्ष

वरील विवेचनावरून पुढील गोष्टी निष्पन्न होतात. पहिली, घटनेतील शब्दांची तुलना अपुरी आहे. लिखित हमी नसलेल्या ब्रिटनने १९६८ मध्ये रंगभूमीवरून जे उठविले, ते लिखित हमी असलेल्या महाराष्ट्रात टिकून राहिले. दुसरी, शिक्षेची तीव्रता हाच एकमेव निकष मानल्यास पूर्वनियंत्रणाचे स्वरूप नजरेआड होते, कारण त्यात शिक्षा झालेला कोणी दिसतच नाही. तिसरी, पूर्वनियंत्रण काढणे म्हणजे बेबंदशाही नव्हे; प्रेक्षकांसाठी वयोगटाची सूचना, खटल्यासाठी वरिष्ठ विधी अधिकाऱ्याची संमती आणि कलेच्या हिताचा बचाव, एवढ्या तरतुदींनी जबाबदारी राखता येते.

हा प्रश्न महाविद्यालयांपासून दूर नाही. ‘सखाराम बाइंडर’ची प्रत ग्रंथालयातून कोणीही घेऊन वाचू शकतो, वर्गात तिच्यावर चर्चा करू शकतो. तेच शब्द नटाने सार्वजनिक रंगमंचावर उच्चारावयाचे तर आधी प्रमाणपत्र हवे. वाचकाला प्रौढ मानणारी आणि प्रेक्षकाला अज्ञान समजणारी ही भूमिका आपण विद्यार्थ्यांना कोणत्या तत्त्वावर समजावून सांगणार, याचे उत्तर नाट्यवाङ्मय शिकविणाऱ्या प्रत्येकाला द्यावे लागेल. इंग्लंडला ते उत्तर सापडले नाही, म्हणून त्याने कायदा बदलला. महाराष्ट्रानेही तोच मार्ग स्वीकारणे योग्य ठरेल.