फाळके : अनेक कला, एक ध्यास

शिळफाट्यावरून बोरघाट चढला की लोणावळे लागते. तेथेच धुंडिराज गोविंद फाळके ह्यांनी राजा रविवर्म्याच्या चित्रांच्या छपाईचे काम केले होते. १८७० साली त्र्यंबकेश्वरी जन्मलेल्या ह्या गृहस्थांनी चित्रकला, छायालेखन, मुद्रण, जादूचे प्रयोग असे नाना उद्योग केले आणि चाळिशी उलटल्यावर, १९१२ साली, चलच्चित्राची विद्या शिकण्यास ते विलायतेस गेले. ह्यास कोणी चंचलपणा म्हणेल. मला तसे वाटत नाही. कुंडीतील वाटाण्याचे रोप कसे वाढते, हे त्यांनी एकेक चित्र टिपून पडद्यावर दाखविले. स्थिर चित्रात प्राण ओतण्याचा ध्यास त्यात उघड दिसतो. चित्रकाराची दृष्टी, मुद्रकाचा काटेकोरपणा व जादूगाराची हौस एकवटली, तेव्हाच १९१३ चा ‘राजा हरिश्चंद्र’ साकार झाला.

मात्र त्यांची प्रतिभा डोळ्यांशी बोलणारी होती. बोलपटांच्या युगात तिला पूर्वीचे स्थान लाभले नाही. १९३७ चा ‘गंगावतरण’ हा त्यांचा अखेरचा चित्रपट ठरला. १९४४ साली ते नाशकास वारले.

आपला मुलगा एक विद्या सोडून दुसरीकडे वळला की आपण त्यास उनाड ठरवितो. तत्पूर्वी त्याच्या धडपडीतला धागा एकच तर नाही ना, एवढे तरी पाहावे.