मालिकेतली आई : आशालता वाबगावकर यांच्या निमित्ताने

आपल्या समीक्षेला नायिकेविषयी बोलताना शब्द कमी पडत नाहीत. मालिकेतल्या सासूविषयी, आजीविषयी किंवा थोरल्या जावेविषयी लिहायची वेळ आली की मात्र तीनच शब्द हाताशी उरतात : सहायक, दुय्यम आणि चरित्र अभिनेत्री. पहिले दोन शब्द श्रेयनामावलीतली तिची जागा सांगतात, तिसरा बहुतेक वेळा तिचे वय सुचवतो. ती काम काय करते, हे तिन्हींपैकी एकही शब्द सांगत नाही. परीक्षणातही तिच्या वाट्याला शेवटच्या परिच्छेदातले अर्धे वाक्य येते, आणि त्यात तिने ‘चांगली साथ दिलेली’ असते.

आशालता वाबगावकर (१९४१–२०२०) यांची कारकीर्द या दृष्टीने तपासण्याजोगी आहे. मूळच्या गोव्याच्या या अभिनेत्रीने संगीत नाटकाची नायिका म्हणून नाव मिळवले, पुढे मराठी-हिंदी चित्रपटांत वहिनी, आई, आजी रंगवल्या, आणि वयाच्या ७९व्या वर्षी मालिकेच्या चित्रीकरणासाठी साताऱ्यात असताना त्यांचे निधन झाले. ‘गाणारी नायिका होती, मग आईच्या भूमिकांवर आली’ असे हा प्रवास सांगण्याची आपल्याकडे रीत आहे. या सांगण्यात उतरण गृहीत धरलेली असते. भूमिका एकेक करून पाहिल्या तर ती उतरण दिसत नाही.

सत्यवतीपासून आजीपर्यंत

१९६४ साली दि गोवा हिंदू असोसिएशनने वसंत कानेटकरांचे ‘मत्स्यगंधा’ रंगमंचावर आणले. संगीत जितेंद्र अभिषेकींचे, पराशर रामदास कामत आणि सत्यवती आशालता. त्यांनी गायिलेली पदे घरोघरी पोचली, आणि पुढे आपल्या पुस्तकाला ‘गर्द सभोवती’ हे नाव देताना त्यांनी याच नाटकातल्या पदाची आठवण जपली. पण सत्यवती ही केवळ गाण्याची भूमिका नाही. कोळ्याच्या पोरीपासून हस्तिनापूरच्या राणीपर्यंतचा प्रवास एकाच रात्रीत, प्रेक्षकांच्या डोळ्यांदेखत करायचा असतो. पद संपल्यावर पुन्हा गद्यात उतरायचे आणि समोरच्याचे बोलणे ऐकत उभे राहायचे, ही शिस्त संगीत नाटक नटीला शिकवते. पुढच्या चाळीस-पन्नास वर्षांत आशालताबाईंना हीच शिस्त उपयोगी पडली.

बासू चटर्जींचा ‘अपने पराये’ (१९८०) शरच्चंद्रांच्या ‘निष्कृति’वर आधारलेला आहे. त्यात आशालताबाई एकत्र कुटुंबातली थोरली सून आहेत : मनाने मायाळू, कानाने हलकी. धाकट्या जावेवर तिचा जीव आहे आणि मधलीच्या बोलण्याने तिचे मन कलतेही. कथा पुढे सरकते ती तिच्या कलण्याने. ती जराशी जरी कपटी दिसली असती तर चित्रपट सासू-सुनांच्या भांडणाचा झाला असता. या भूमिकेसाठी फिल्मफेअरच्या साहाय्यक अभिनेत्रीच्या नामांकनात त्यांचे नाव आले.

जब्बार पटेलांच्या ‘उंबरठा’मध्ये (१९८२) त्या सुलभाची जाऊ आहेत. सुलभा महिला सुधारगृहाची नोकरी धरून घराबाहेर पडते आणि तिची मुलगी या अपत्य नसलेल्या जावेजवळ राहते. तिला तिचाच लळा लागतो. स्मिता पाटील यांच्या सुलभेवर भरपूर लिहिले गेले आणि ते योग्यच आहे. पण घर सोडण्याची किंमत सुलभेला कळते ती मूल जावेच्या कुशीत रमलेले पाहून. ती जाऊ खलनायिका झाली असती तर सुलभेचा निर्णय सोपा झाला असता. ती प्रेमळ आहे म्हणून तो अवघड होतो.

एन. चंद्रांच्या ‘अंकुश’मध्ये (१९८६) त्या नायिकेच्या आजी झाल्या. तेव्हा त्यांचे वय पंचेचाळीस होते. त्याच वयाचे नट त्या काळात बागेत गाणी म्हणत होते, हे वेगळे सांगायला नको.

मालिकेचा भार

चित्रपटात अशी भूमिका दहा-पंधरा दृश्यांत संपते. दैनिक मालिकेत ती वर्षानुवर्षे चालते. ‘पवित्र रिश्ता’ ही हिंदी मालिका २००९ ते २०१४ अशी चौदाशेहून अधिक भाग चालली. तिच्यातले घर मराठी होते आणि त्यातल्या आया उषा नाडकर्णी आणि सविता प्रभुणे या मराठी रंगभूमीशी नाते असलेल्या अभिनेत्रींनी उभ्या केल्या. २०११ मध्ये मानवच्या भूमिकेतला नट बदलला. सुशांतसिंह राजपूत गेले, हितेन तेजवानी आले. प्रेक्षकांनी नवा मानव स्वीकारला, कारण त्याला ‘मन्या’ म्हणून दटावणारी सविता देशमुख तीच होती. नायक बदलता येतो; त्याचे घर ज्यांच्यामुळे घर वाटते ती माणसे बदलणे अवघड असते.

मालिकेच्या दृश्याची घडणही तिच्यावरच टेकलेली आहे. नायिका एक वाक्य बोलते आणि कॅमेरा खोलीतल्या एकेका चेहऱ्यावर फिरतो. त्या चेहऱ्यांवर काही घडले नाही तर वाक्य फुकट गेले. संवाद सकाळी हाती येतात, पुढच्या आठवड्यात कथा कुठे वळेल ते माहीत नसते, आणि तरीही कालच्या रागाशी आजचा राग जुळलेला दिसावा लागतो. ही जुळणी लेखक करत नाही, दिग्दर्शकही पुष्कळदा बदललेला असतो. ती नटीला स्वतःच्या आठवणीतून करावी लागते.

आलापल्लीसारख्या गावात याचा पडताळा सहज येतो. अहेरी भागात मराठीबरोबर तेलुगू, माडिया आणि गोंडी बोलली जाते. मालिकेतली शहरी मराठी घरातल्या प्रत्येक म्हातारीला शब्दन् शब्द कळते असे नाही. तरी कोण कोणावर रुसले आणि कोणाच्या मनात काय आहे, हे तिला बरोबर कळते. ते ती सासूच्या, आजीच्या चेहऱ्यावरून वाचते. जिथे भाषा तोकडी पडते तिथे मालिका तोलून धरणारी कलावंत ‘दुय्यम’ कशी, याचे उत्तर समीक्षेने द्यायला हवे.

पासष्टीची अट

मार्च २०२०मध्ये चित्रीकरणे थांबली. मे महिन्याच्या अखेरीस राज्य सरकारने ती पुन्हा सुरू करण्यासाठी नियमावली काढली आणि तिच्यात ६५ वर्षांवरील कलाकार-कामगारांना सेटवर येण्यास मनाई केली. हेतू काळजीचा होता. पण मालिकेतल्या आजी-आजोबांसाठी तो रोजगाराचा प्रश्न होता. या व्यवसायात मोबदला बहुधा कामाच्या दिवसावर ठरतो आणि हातात पडायला तीन-तीन महिने लागतात, निवृत्तिवेतन नसते. उच्च न्यायालयात दाद मागितली गेली आणि ७ ऑगस्ट २०२० रोजी मुंबई उच्च न्यायालयाने ही अट भेदभाव करणारी ठरवून रद्द केली. निकाल न्याय्य होता. वय झाले म्हणून कोणाची उपजीविका काढून घेता येत नाही.

पुढच्याच महिन्यात काळूबाईवरच्या ‘आई माझी काळूबाई’ या मालिकेच्या साताऱ्यातल्या चित्रीकरणादरम्यान संसर्ग पसरला आणि २२ सप्टेंबरला आशालताबाई गेल्या. न्यायालयाच्या निकालाला तेव्हा सात आठवडेही झाले नव्हते. या दोन तारखा शेजारी ठेवून कोणा एकाला दोषी ठरवणे सोपे आहे, पण त्याने काही साधत नाही. त्यांतून दिसते ते एवढेच की वृद्ध अभिनेत्रीपुढे दोनच वाटा होत्या : घरी बसून काम गमावणे किंवा सेटवर जाऊन जीव धोक्यात घालणे. तिसरी वाट म्हणजे काम नसलेल्या काळातही हाती पडणारे काही वेतन, विमा, आणि तिच्या सोयीने आखलेले वेळापत्रक. ती वाट निर्माते, वाहिन्या आणि शासन यांनी मिळून तयार करायची होती आणि ती तयार नव्हती. ज्या कामाला ‘साथ’ म्हटले जाते त्याची व्यवस्थाही तेवढीच होते. समीक्षेतला शब्द आणि धंद्यातला व्यवहार यांचा संबंध आहे तो असा.

झाडीपट्टीचा दाखला

आपल्याकडे या अभिनयाला जोखण्याची दुसरी पद्धत आहे, आणि ती जुनी आहे. भाऊबीजेपासून मंडईच्या निमित्ताने वडसा, ब्रह्मपुरी, आरमोरी, कुरखेडा या पट्ट्यात रात्ररात्र नाटके चालतात. वादक रंगमंचापुढे बसतात, गाणी असतात, आणि सासू, आई, विधवा बहीण यांना पूर्ण प्रवेश मिळतात. त्या प्रवेशात कॅमेरा जवळ येत नाही. शेवटच्या रांगेतल्या माणसापर्यंत दुःख पोचवायचे तर आवाज आणि देह एवढीच साधने. पहाटे घरी जाताना प्रेक्षक नायकाइतकेच त्या आईविषयी बोलतात. डॉ. परशुराम खुणे यांना २०२३मध्ये पद्मश्री मिळाली तेव्हा या रंगभूमीकडे राज्याचे लक्ष गेले. तिथल्या स्त्री-कलावंतांच्या कामाची नोंद मात्र अजून व्हायची आहे.

मुंबईच्या मालिकांतले कलावंतही हंगामात इकडे येतात. जाहिरातीत त्यांच्या नावाआधी मालिकेचे नाव ठळक छापलेले असते. पण तंबूत बसलेला प्रेक्षक तेवढ्यावर भुलत नाही. पहिल्या अंकात टाळी चेहऱ्याच्या ओळखीला पडते. तिसऱ्या अंकातली टाळी कामाला पडते. आशालताबाईंनी कमावलेली शिस्त या तिसऱ्या अंकाच्या कसाला उतरणारी होती, कारण ती अशाच, समोर बसलेल्या प्रेक्षकांपुढे घडली होती.

म्हणून मालिकेवर लिहिणाऱ्यांनी निदान एवढे करावे : सासू, आजी, जाऊ यांच्या भूमिकेविषयी लिहिताना त्या भूमिकेने कथेत नेमके काय बदलले ते सांगावे. ती नसती तर नायिकेचा कोणता निर्णय सोपा झाला असता, हा प्रश्न विचारला की ‘चांगली साथ दिली’ हे वाक्य लिहवत नाही. ‘उंबरठा’ पुन्हा पाहताना सुलभेबरोबर तिच्या जावेकडेही पाहावे. शब्द तिथून सापडू लागतील.